त्या पोराचा पिक्चर आधी बघा तरी

आज एका नातेवाइकांकडे गेले होते. त्यांचा चौथीतला मुलगा हॉलमध्ये फरशीवर पालथा पडून खेळण्यातल्या डायनोसॉरचे एकेक फोटो मोबाईलवर जोडून पिक्चर काढत होता. घरच्यांनी पाहुण्यांसमोर त्याच्या हातातून फोन ओढून घेतला आणि वर ऐकवलं, "दुसरा उद्योग नाही, दिवसभर खेळणी नाहीतर गेम!" त्याचं तोंड एवढंसं झालं. माझं डोकं अजून तापलेलं आहे.

अरे, तो काय करतोय ते बघायचं तरी!

आमचा दिवाळीचा किल्ला भाऊबीज उलटली तरी आम्ही मोडू द्यायचो नाही. दादाने मामाचा डिजिटल कॅमेरा मिळवलेला. किल्ल्यावर अळिवाचं जंगल माजलेलं, त्यातून मातीचे मावळे वर चढवायचे. एक फोटो, मावळा तांदळाच्या दाण्याएवढा पुढे, पुन्हा फोटो. मग कॉम्प्युटरवरच्या मूव्ही मेकरमध्ये सगळे जोडायचे. मावळा अडखळत चढायचा आणि त्याची सावली मात्र सुसाट पळायची, कारण तोवर ऊन अंगणभर फिरलेलं असायचं. उजेड असा सरकतो हे मी तिथे पाहिलं.

आणि हे सुचायचं कुठून? गेममधूनच! आमचे मावळे डावीकडून उजवीकडेच धावायचे, कॉन्ट्राच्या पहिल्या स्टेजला धावतात तसे. शेवटी शत्रूचा हत्ती यायचा, कारण स्टेज संपताना मोठा गडी हवाच. बॅटल सिटी या रणगाड्यांच्या गेममध्ये, १९८५ सालच्या, स्वतः विटा रचायची सोय होती. आमचे बुरूज आधी टीव्हीवर उभे राहायचे, मग मातीत.

हो, तासन्‌तास स्क्रीन वाईटच, मान्य. पण नुसती रिळं सरकवत बसलेलं पोर आणि एकेक फोटो जुळवणारं पोर तुम्हाला सारखंच दिसतं?

दादासाहेब फाळक्यांनी १९१२ साली वाटाण्याचं रोप कसं वाढतं ते रोज थोडं थोडं चित्रित केलं. ते बघूनच पहिल्या चित्रपटात पैसे घालायला माणूस तयार झाला. कुणीतरी बसून बघितलं म्हणून!

आमचा पिक्चर आजीने बघितला, पूर्ण. म्हणाली, "ह्यो मावळा सारखा का रे पडतोय?" दुसऱ्या दिवशी दादाने प्रत्येकाच्या पायाखाली मेण लावलं. मावळे तटाला घट्ट उभे.

यंदा ज्यांच्या अंगणात किल्ला होणार आहे त्यांनी सिम काढलेला एखादा जुना फोन पोरांना द्या, टेकू द्यायला दोन विटा द्या. पिक्चर झाला की मला पाठवा. मी शेवटपर्यंत बघणार.