भैरोबा कुठल्या गटाचा?

आज सकाळी जत्रेची वर्गणी मागायला दोनदा पोरं आली. जत्रा एकच, पावतीपुस्तकं दोन, दोन्हींवर वेगवेगळ्या नेत्यांचे फोटो, आणि भैरोबा कोपऱ्यात बारका. डोकंच फिरलं. सरळ सांगितलं, एकच पुस्तक आणा, दोन्हीकडच्या सह्या घालून, मग दुप्पट देतो.

२०२२ ला शिवसेना फुटली, २०२३ ला राष्ट्रवादी फुटली, त्यांचं ते बघतील, लग्नाकार्यात शेजारी बसून जेवतात ते. इथं मात्र चुलतभाऊ चुलतभावाच्या पोरीच्या साखरपुड्याला जात नाही! अरे ग्रामपंचायतीला तर पक्षाचं चिन्हसुद्धा नसतं, नुसती पॅनेलं, तरी बोलणं बंद.

मागच्या उन्हाळ्यात पाणीपुरवठ्याच्या विहिरीतली मोटर जळाली ते आठवतंय का कुणाला? रात्रीची वेळ, मोबाईलच्या उजेडात मोटर वर ओढत होतो, माणसं कमी पडली आणि अण्णा नि आप्पा, निवडणुकीपासून एकमेकांचं तोंड न बघणारे, एकाच दोराला लागले. अण्णा ओरडले, "आप्पा, सोडू नको, पाईप सटकतोय!" कित्येक महिन्यांनी दोघांत झालेलं पहिलं बोलणं ते.

हां, ज्याच्यावर अन्याय झालाय त्याला "जाऊ दे, गाव एक ठेव" म्हणणं बरोबर नाही, मान्य. मग भांडा ना, ग्रामसभेत हिशोब मागा, पण देवळात, मयतीत, पाण्यात कशाला आणता ते?

१९५६ ला संयुक्त महाराष्ट्र समितीत कम्युनिस्ट डांगे, समाजवादी एसेम जोशी, शेकापवाले, शेड्यूल्ड कास्ट फेडरेशनवाले एकत्र बसलेच ना, आपसात त्यांचं काय कमी वाजायचं? पुढं फुटलेही. पण १ मे १९६० उजाडला.

आता लिहिता लिहिता राग जरा उतरलाय. त्या रात्री आप्पांनी स्वतःच्या मळ्यातली मोटर काढून दिली, ऊस वाळत होता त्यांचा तरी. पहाटे नळाला पाणी आलं ते सगळ्या आळ्यांत आलं, अण्णांच्या पॅनेलच्या घरातही. अशी माणसं आहेत आपली, आणि आपण पोरांच्या हातात दोन पुस्तकं देतोय!

विहिरीतला गाळ अजून तसाच आहे, उन्हाळा तोंडावर आलाय. रविवारी सकाळी काढायचं ठरवतोय. अण्णा, आप्पा, तुम्ही दोघंही हे वाचणार माहितीय मला. यादीत दोघांची नावं घातलीत, न विचारता. ट्रॅक्टर कुणाचा तेवढं कमेंटमध्ये सांगा.