हायब्रिड गाडी पाण्यात करंट मारते म्हणे!

‘हायब्रिड घेताय? थांबा! आधी हे वाचा’ अशा मथळ्याचा, लाल त्रिकोणांनी आणि हात जोडलेल्या चिन्हांनी भरलेला एक मेसेज सध्या सगळीकडे फिरतोय. सोसायटीच्या ग्रुपवर आला तेव्हा मी सोडून दिला. मग तो ताईच्या सासरच्या ग्रुपवर पोचला. टाकला कोणी, तर तिच्या थोरल्या दिरांनी. त्यांचा शब्द त्या घरात पडू देत नाहीत, त्यामुळे ताईने टोयोटा हायरायडर या हायब्रिड, म्हणजे पेट्रोल इंजिन आणि विजेची मोटर दोन्ही असलेल्या गाडीचं बुकिंग थांबवलं. एवढंच झालं असतं तरी मी गप्प बसले असते. गाडी काय, आज नाही तर उद्या घेतील. पण त्या मेसेजात एक सल्ला असा आहे की तो पाळला तर माणूस मरेल. म्हणून हे लिहितेय.

मेसेज काय म्हणतो ते थोडक्यात सांगते. हायब्रिडला घरी चार्जिंग पॉइंट लागतो. शहरात मायलेज पडतं, हायवेलाच काय ते मिळतं. बॅटरी तीन वर्षांत जाते आणि नवी पाच लाखांना पडते. गाडीतल्या चुंबकीय लहरी हृदयाला घातक असतात. सिग्नलला न्यूट्रल टाकलं तर पेट्रोल वाचतं. जादा मोजलेले पैसे कधीच वसूल होत नाहीत. सरकार सूट देतं, ती डीलर खातो. आणि शेवटी ठळक अक्षरांत: ‘पावसात रस्त्यावर पाणी भरलं तर हायब्रिड गाडीच्या बाहेर पाय ठेवू नका, बॉडीत करंट उतरतो. काचा बंद करून, एसी लावून आत शांत बसून राहा.’ खाली सही, ‘एका ऑटोमोबाइल इंजिनिअर मित्राकडून’. हा मित्र कोण, कुठला, ते अर्थातच कोणाला ठाऊक नाही.

शेवटच्या मुद्द्यापासूनच सुरुवात करते.

टोयोटा आपल्या हायब्रिड गाड्यांसाठी अग्निशमन दल आणि बचाव पथकांच्या उपयोगाची एक मार्गदर्शिका काढते. अपघातात किंवा पुरात सापडलेल्या गाडीला हात घालणाऱ्या माणसांसाठी ती असते, गिऱ्हाईक पटवण्यासाठी नाही. प्रियस या त्यांच्या हायब्रिड गाडीच्या मार्गदर्शिकेत पाण्यात बुडालेल्या गाडीचा वेगळा उल्लेख आहे. त्यात स्वच्छ म्हटलंय की अशा गाडीच्या धातूच्या बॉडीवर हाय व्होल्टेज नसतं आणि तिला हात लावायला धोका नाही. कारण सरळ आहे. आपल्या नेहमीच्या १२ व्होल्टच्या बॅटरीची निगेटिव्ह बाजू बॉडीला जोडलेली असते. हायब्रिडच्या मोठ्या बॅटरीची कुठलीच बाजू बॉडीला जोडत नाहीत. तिच्या दोन्ही तारा नारिंगी आवरणातून वेगळ्या नेलेल्या असतात. कुठे गळती झाली तर गाडीचा कॉम्प्युटर ती ओळखतो, आणि गाडी बंद केली किंवा एअरबॅग उघडल्या की रिले, म्हणजे आतला आपोआप चालणारा स्विच, सुटून बॅटरी स्वतःला तोडून घेते. त्या नारिंगी तारांना हात लावू नका, असंही तीच मार्गदर्शिका बजावते. ते बरोबरच आहे. पण पाण्यात अडकलेला कुठला माणूस बॉनेट उघडून तारा कुरवाळत बसणार आहे?

आता ‘काचा बंद करून, एसी लावून’ या भागाकडे या. मुंबईत राहणाऱ्या माणसाने हे पुढे कसं पाठवलं, हेच मला कळत नाही. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला. त्या दिवशी लोक गाड्यांमध्ये अडकून मेले. दारं उघडेनात, काचा उतरेनात. २९ ऑगस्ट २०१७ च्या पावसात सायनकडे एक तरुण वकील त्याच्याच गाडीत गुदमरून गेला. त्याच दिवशी डॉ. दीपक अमरापूरकर गाडी सोडून पाण्यातून चालत निघाले आणि उघड्या मॅनहोलमध्ये पडले, हेही खरं. म्हणजे बाहेर धोका नाही असं मी मुळीच म्हणत नाही. मॅनहोल आहेत, रस्त्यावरचे विजेचे खांब आणि वीजवाटपाच्या पेट्या (फीडर पिलर) आहेत, वाहत्या पाण्याचा जोर आहे. दोन फूट वाहतं पाणी चांगल्या जड गाडीला उचलून नेतं. या सगळ्याचा अर्थ एवढाच की पाणी चढायला लागलं की लवकर बाहेर पडायचं आणि हातात छत्री-काठी घेऊन, चाचपत, खांबांपासून लांब राहून चालायचं. आत बसून राहायचं नाही.

हायब्रिडच्या बाबतीत तर आत बसणं साध्या गाडीपेक्षा जास्त फसवं आहे. डॅशबोर्डवरचा ‘रेडी’ दिवा लागलेला असताना इंजिन बंद असलं तरी गाडी चालूच असते. एसीने बॅटरी उतरवली की इंजिन तुम्हाला न विचारता सुरू होतं. सायलेन्सर पाण्याखाली, काचा वर, आणि आतला माणूस समजतोय की गाडी बंद आहे. अशा वेळी धुरातला कार्बन मोनॉक्साइड हा विषारी वायू केबिनमध्ये शिरू शकतो. त्याला ना वास असतो ना रंग, माणसाला नुसती झोप येते. दुसरं नुकसान इंजिनचं. साध्या गाडीत इंजिन पाण्यात बंद पडलं तर पुन्हा चावी मारू नये, हे आता बऱ्याच जणांना कळलंय. इथे चावी तुमच्या हातात नाही, कॉम्प्युटरच्या हातात आहे. सिलिंडरमध्ये पाणी ओढलं गेलं तर पिस्टनला जोडलेला दांडा (कनेक्टिंग रॉड) वाकतो. वर हा खर्च विमा कंपन्या साध्या पॉलिसीत बहुतेक नाकारतात, इंजिन प्रोटेक्टचं अ‍ॅड-ऑन घेतलेलं असावं लागतं. तेव्हा ठाण्याजवळच्या विटाव्याच्या रेल्वे पुलाखाली पाणी दिसलं तर गाडी मागेच थांबवायची आणि पॉवर बटण दाबून पूर्ण बंद करायची. अडकलातच तर वीज चालू आहे तोवर दारांचं लॉक काढून काचा खाली करायच्या. काच फोडायची वेळ आली तर बाजूची फोडा, पुढची नाही. पुढच्या काचेत दोन थरांच्या मधे प्लॅस्टिकचा पडदा असतो, ती तडकते पण पडत नाही.

बाकीचे मुद्दे भराभर उरकते.

चार्जिंग पॉइंट लागत नाही. या गाडीला प्लगच नाही. १९९७ साली जपानमध्ये पहिली प्रियस आली, तेव्हापासून हे तंत्र असंच चालतं: ब्रेक लावला की मोटर जनरेटरसारखी चालून वीज बनवते, कमी पडली तर इंजिन बनवतं. प्लगवाल्या हायब्रिड जगात आहेत, पण हायरायडर किंवा तिचीच सख्खी बहीण मारुती ग्रँड विटारा त्यातल्या नाहीत. सोसायटीच्या मीटिंगमध्ये भांडायची गरज नाही.

शहरात मायलेज पडतं, हे तर चक्क उलटं लिहिलंय. पेट्रोल गाडी ट्रॅफिकमध्ये उभी राहून पेट्रोल जाळते आणि प्रत्येक ब्रेकला कमावलेला वेग उष्णतेत घालवते. हायब्रिड नेमकी याच दोन ठिकाणी वाचवते. शंभरच्या स्थिर वेगाने हायवेला गेलात तर ब्रेकच लागत नाही, मग मोटर परत मिळवणार काय? ताईबरोबर टेस्ट ड्राइव्हला मीही होते. कापूरबावडीच्या अलीकडे नेहमीची रांग लागलेली. डॅशबोर्डवर हिरवा ‘ईव्ही’ दिवा, इंजिन बंद, एसी चालू, आणि बाजूच्या रिक्षाची फटफट आत स्पष्ट ऐकू येत होती. गाडी हातभर सरकायची, थांबायची, पुन्हा सरकायची, आणि इंजिनला त्याचा पत्ताही नसायचा. मग स्क्रीनवरच्या बॅटरीचे खण उतरले तशी इंजिनने घरघर केली. इंजिन दीड लिटरचं, तीन सिलिंडरचं आहे, ती थरथर पायाखाली जाणवतेच. जोरात अ‍ॅक्सिलरेटर दाबला तर आवाज आधी चढतो आणि गाडी मागून येते, हेही सांगून टाकते. घोडबंदरच्या उड्डाणपुलावर चढताना ते ताईला अजिबात आवडलं नाही.

पण हा गैरसमज येतो कुठून, याचा मला अंदाज आहे, आणि तिथे दोष कंपन्यांचाही आहे. हायरायडर आणि ग्रँड विटारा दोन तऱ्हेच्या मिळतात आणि दोन्हींना हायब्रिडच म्हणतात. माइल्ड हायब्रिडमध्ये छोटी मोटर इंजिनला जरा हात देते, एकटी चाकं फिरवू शकत नाही. स्ट्राँग हायब्रिड काही अंतर नुसत्या विजेवर चालते. एआरएआय या वाहन-चाचणी संस्थेच्या चाचणीत मॅन्युअल गिअरच्या माइल्ड हायब्रिडला लिटरला २१.११ किलोमीटर मिळतात, स्ट्राँगला २७.९७. रस्त्यावर दोन्ही आकडे खाली येतात, ते प्रयोगशाळेतले आहेत. कोणाच्या तरी ऑफिसातल्या कोणाची तरी ‘हायब्रिड’ शहरात अकरा-बाराच देते, असं मेसेजात लिहिलंय. ती गाडी माइल्ड निघाली तर मला नवल वाटणार नाही. डीलरकडे ‘सर, ही पण हायब्रिडच आहे’ हे वाक्य ऐकू आलं की ‘नुसत्या मोटरवर चालते का?’ एवढं विचारा.

बॅटरीची भीती वडिलोपार्जित आहे. हायब्रिड बॅटरीवर ८ वर्षं किंवा १ लाख ६० हजार किलोमीटर, यातलं जे आधी होईल तिथपर्यंत वॉरंटी आहे. तीन वर्षांत बॅटऱ्या जात असत्या तर कोणती कंपनी असं लिहून देईल? शिवाय ही बॅटरी आहे केवढी, तर तिच्यात वीजबिलातलं एक युनिटसुद्धा मावत नाही. नेक्सॉन ईव्ही या पूर्ण विजेवरच्या गाडीची ४५ युनिटपर्यंत असते. लाखांचे आकडे त्या मोठ्या बॅटऱ्यांवरून उचललेले दिसतात. तीन वर्षांत जाते ती १२ व्होल्टची साधी बॅटरी, आणि ती कुठल्याही गाडीत जाते. गणपतीला गाडी ठाण्यात ठेवून गावी जाऊन राहिलात तर तीच उतरते आणि परत आल्यावर ‘रेडी’ दिवा लागत नाही. शेजाऱ्याला चावी देऊन अधूनमधून गाडी थोडा वेळ चालू करायला सांगा. तरी ज्यांना खात्री हवी त्यांनी सर्व्हिस सेंटरकडून मोठ्या बॅटरीचा आजचा भाव लेखी मागावा. वॉरंटीनंतर गाडी ठेवणार असाल तर तो प्रश्न रास्त आहे.

न्यूट्रलचा सल्ला तर तोट्याचाच. टोयोटाच्या हायब्रिडमध्ये ‘एन’वर बॅटरी चार्ज होत नाही. सिग्नलला ‘डी’वर (ड्राइव्हवर) ब्रेक दाबून थांबा, इंजिन आपलं आपण बंद होतं. हृदयाला घातक म्हटलेल्या त्या चुंबकीय लहरींचं मूळ बहुधा मॅन्युअलमधल्या पेसमेकरच्या इशाऱ्यात असावं. तो इशारा चावीविना उघडणाऱ्या दारांच्या अँटेनाबद्दल असतो आणि तशी चावी असलेल्या साध्या पेट्रोल गाडीच्या मॅन्युअलमध्येही तो छापलेला असतो. ज्यांना पेसमेकर आहे त्यांनी आपल्या डॉक्टरला विचारावं, बाकीच्यांनी सोडून द्यावं.

सरकारी सूट? २२ सप्टेंबर २०२५ पासून चार मीटरपेक्षा लांब हायब्रिडवर ४० टक्के जीएसटी आहे, ईव्हीवर ५. उत्तर प्रदेशाने जुलै २०२४ मध्ये स्ट्राँग हायब्रिडचा नोंदणी कर माफ केला होता, ती बातमी फिरत फिरत इथे आली असावी. ठाण्याच्या डीलरने लखनौची सूट खाल्ली, असा आरोप करून काय उपयोग?

राहता राहिला पैशांचा मुद्दा. तो नाइलाजाने अर्धा मान्य करते. समजा माइल्ड ऑटोमॅटिक आणि स्ट्राँग यांच्यात अडीच लाखांचा फरक धरला (व्हेरियंटप्रमाणे बदलेल), शहरात एकीला १२ आणि दुसरीला २० किलोमीटर मिळाले आणि पेट्रोल १०४ रुपये धरलं. महिन्याला १००० किलोमीटर चालवणाऱ्याचे साधारण साडेतीन हजार वाचतात, म्हणजे फरक भरून निघायला सहा वर्षं लागतात. ५०० किलोमीटर चालवणाऱ्याला बारा. गाडी फक्त रविवारी मामलेदार मिसळ खायला बाहेर काढणाऱ्यांनी स्ट्राँग हायब्रिड घेऊ नये, यात मेसेज चुकलेला नाही. निव्वळ पैसे वाचवायचे तर याच गाड्या सीएनजीतही आहेत, एआरएआयप्रमाणे किलोला २६.६ किलोमीटर. फक्त पंपावरच्या रांगेत उभं राहायची तयारी हवी. ताईचं रोज कासारवडवली ते ऐरोली जाऊन-येऊन महिन्याला हजार किलोमीटरच्या वर सहज होतं, आणि क्लचने तिचा गुडघा आधीच बोलायला लागलाय. तिचं गणित वेगळं आहे.

गंमत म्हणजे या गाडीची खरी अडचण मेसेजमध्ये कुठेच नाही. मोठी बॅटरी मागे बसवल्यामुळे स्ट्राँग हायब्रिडची डिकी माइल्डपेक्षा लहान आणि उथळ होते. ताईच्या सासूबाई व्हीलचेअर वापरतात. टेस्ट ड्राइव्हला आम्ही ती नेली नव्हती आणि सेल्समनने डिकी उघडून दाखवायची घाई केली नाही. तेव्हा ताई, शनिवारी पुन्हा जा. संध्याकाळी सातला, ट्रॅफिकमध्ये, एसी पूर्ण लावून चालव. भाऊजींना मागे बसव. व्हीलचेअर घडी करून सोबत ने आणि मागची सीट न पाडता ती डिकीत जाते का ते बघ. नाही गेली तर नको घेऊस. आणि ग्रुपवरचा तो करंटचा मेसेज डिलीट करायला दिरांना तूच सांग, माझं ते ऐकणार नाहीत.