कॅरिन कुसामा यांच्या भयपटांबरोबर त्यांचे टीव्हीवरचे कामही पाहावे

कॅरिन कुसामा या अमेरिकी दिग्दर्शिकेची कारकीर्द जेथे जेथे सांगितली जाते, तेथे ती बहुधा एकाच क्रमाने येते. पहिल्या चित्रपटाला मोठा सन्मान, पाठोपाठ दोन मोठी अपयशे, त्यानंतर टीव्हीवर काढलेली वर्षे आणि अखेर एका छोट्या भयपटातून पुनरागमन. यातला घटनाक्रम ढोबळमानाने बरोबर आहे, पण टीव्हीवरच्या वर्षांकडे वनवास म्हणून पाहण्याची ही रीत मला मान्य नाही. ठाण्यात घोडबंदर रोडच्या परिसरात मराठी-हिंदी मालिकांचे चित्रीकरण चालते, तेथील सेटवर मी सहायक दिग्दर्शिका म्हणून काम केले आहे, आणि एपिसोडच्या दिग्दर्शकाला दिवसभरात किती निर्णय घ्यावे लागतात हे जवळून पाहिले आहे. कुसामा यांचे भयपट आणि त्यांचे टीव्हीवरचे काम एकत्र पाहिल्याशिवाय त्यांचे मोठेपण कळत नाही, असे माझे ठाम मत आहे.

सुरुवातीचा भाग थोडक्यात सांगते. जॉन सेल्स या दिग्दर्शकाकडे साहाय्यक म्हणून काम केल्यानंतर, त्यांच्याच आर्थिक मदतीने कुसामा यांनी 2000 साली ‘गर्लफाईट’ केला. मुष्टियुद्ध शिकणाऱ्या एका रागीट मुलीच्या या गोष्टीतून मिशेल रॉड्रिगेझ ही अभिनेत्री पुढे आली, आणि अमेरिकेतील सनडान्स चित्रपट महोत्सवात दिग्दर्शनाच्या पुरस्काराबरोबर परीक्षकांचा सर्वोच्च पुरस्कारही या चित्रपटाला विभागून मिळाला. त्यानंतर 2005 साली आलेला ‘इऑन फ्लक्स’ हा मोठ्या खर्चाचा विज्ञानपट पडला. तो तयार होत असतानाच स्टुडिओचे नेतृत्व बदलले आणि नव्या मंडळींनी तो आपल्या पद्धतीने कापला. पडद्यावर जे आले त्यातले दिग्दर्शिकेचे किती, हे प्रेक्षकाला ठरवता येत नाही, म्हणून त्याविषयी अधिक लिहीत नाही.

‘जेनिफर्स बॉडी’ची गोष्ट वेगळी आहे. 2009 साली आलेल्या या भयपटाची पटकथा डायाब्लो कोडी यांची होती. एका लहान गावात कार्यक्रमासाठी आलेला बँड प्रसिद्धीच्या लोभाने जेनिफर नावाच्या मुलीचा बळी देतो. ती कुमारिका असेल या समजुतीवर केलेला विधी फसतो आणि तिच्या अंगात भलतेच काही शिरते. बळीच्या प्रसंगात ती मुले विनोद करतात, गाणे म्हणतात, आणि त्यांच्या हसण्यामुळेच तो प्रसंग पाहणे अवघड होते, कारण दिग्दर्शिकेने मुलीच्या भीतीवरून आपले लक्ष क्षणभरही ढळू दिलेले नाही. चित्रपटाचा खरा आधार मात्र जेनिफर आणि नीडी या बालमैत्रिणींचे नाते आहे. एकीने नेहमी पुढे राहायचे आणि दुसरीने नेहमी नमते घ्यायचे, अशी मैत्री शाळा-कॉलेजात आपल्यापैकी अनेकींनी अनुभवलेली असते. स्टुडिओने मात्र जेनिफर झालेल्या मेगन फॉक्स हिच्या रूपाकडे बोट दाखवून या चित्रपटाची जाहिरात तरुण मुलांना समोर ठेवून केली. ज्यांच्यासाठी तो केला होता त्या मुलींपर्यंत तो तेव्हा पोहोचलाच नाही, आणि जे आले त्यांना अपेक्षित असलेले त्यात काही नव्हते. जवळजवळ दहा वर्षांनी, मी-टू चळवळीनंतर, याच चित्रपटाकडे लोक नव्याने वळले आणि त्याचे मोल मान्य झाले. या विलंबाची किंमत दिग्दर्शिकेने भरली, जाहिरात करणाऱ्यांनी नाही, याचे मला आजही वाईट वाटते.

2015 सालचा ‘द इन्व्हिटेशन’ हा माझ्या मते त्यांचा सर्वोत्तम चित्रपट. कुसामा यांचे पती फिल हे (Phil Hay) आणि मॅट मॅनफ्रेडी या जोडीने त्याची पटकथा लिहिली आहे. (‘इऑन फ्लक्स’ही याच जोडीने लिहिला होता, हे लक्षात घेण्यासारखे आहे.) मुलाच्या अपघाती मृत्यूनंतर वेगळे झालेले एक जोडपे, त्यातील पत्नीने आणि तिच्या नव्या जोडीदाराने लॉस एंजेलिसच्या टेकडीवरील घरी जुन्या मित्रमंडळींना जेवायला बोलावले आहे, आणि पहिला नवराही आला आहे. दाराला कुलूप लावले जाते, त्याचे कारण गोड शब्दांत सांगितले जाते. या पहिल्या नवऱ्याला काहीतरी चुकते आहे असे वाटत राहते, पण बाकीचे सगळे हसत-बोलत असताना उठून निघणे त्याला जमत नाही. आपल्याकडे पंगतीत आग्रह सुरू झाला की पोट भरलेले असूनही पान सोडून उठता येत नाही, तोच संकोच येथे जिवावर बेततो. एका पाहुणीला लवकर घरी जायचे असते, तेव्हा तिला थांबवण्याचे जे प्रयत्न होतात त्यांत कोठेही आवाज चढत नाही, आणि मला तरी साऱ्या चित्रपटात सर्वांत जास्त भीती याच प्रसंगाची वाटली. शेवट सांगत नाही. भुताचा मागमूस नसलेल्या आणि बहुतेक वेळ एकाच घरात घडणाऱ्या या कमी खर्चाच्या चित्रपटाला त्याच वर्षी स्पेनमधील सिटगेसच्या महोत्सवात सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा मान मिळाला.

आता टीव्हीविषयी. ‘हॉल्ट अँड कॅच फायर’, ‘द मॅन इन द हाय कॅसल’, ‘बिलियन्स’, ‘द आउटसायडर’ अशा मालिकांचे एपिसोड कुसामा यांनी दिग्दर्शित केले. चालू मालिकेत येणाऱ्या दिग्दर्शकाला नट, सेट, कथानक सगळे आयते मिळते आणि दिवस मोजून मिळतात. कॅमेरा कोठे ठेवायचा, कोणत्या नटाला मोकळे सोडायचे, कोणता शॉट नाही घेतला तरी चालेल, हे तेथे भराभर ठरवावे लागते. आमच्याकडे एपिसोडची बँक, म्हणजे आधीच चित्रित करून ठेवलेले एपिसोड, संपत आली की हा ताण शिगेला पोहोचतो, आणि त्या ताणातही प्रसंगाचा जीव सांभाळणारे दिग्दर्शक मी पाहिले आहेत. एकाच घरात दहा-बारा माणसांना फिरवत ठेवून कोणाचा चेहरा कधी दाखवायचा हे ज्या सफाईने ‘द इन्व्हिटेशन’मध्ये साधले आहे, ती सफाई अशा रोजच्या कामातही लागते, असे मला वाटते.

पायलट, म्हणजे मालिकेच्या पहिल्या एपिसोडच्या दिग्दर्शकाचे काम मात्र निराळे असते. मालिकेचा रंग, तिची गती, भूमिकांची निवड, कॅमेऱ्याचा स्वभाव, हे सारे तेथे बसते आणि पुढच्या दिग्दर्शकांना ते सांभाळावे लागते. नोव्हेंबर 2021 मध्ये सुरू झालेल्या ‘यलोजॅकेट्स’चा पायलट कुसामा यांचा आहे. 1996 साली विमान कोसळून मुलींचा फुटबॉल संघ रानात 19 महिने अडकतो आणि वाचलेल्यांच्या आयुष्यात पंचवीस वर्षांनंतरही ते रान संपत नाही, अशी ही मालिका. बर्फातून अनवाणी धावणारी मुलगी खड्ड्यात पडते, अशी तिची सुरुवात आहे, आणि ती अनेकांच्या स्मरणात राहिली. मला त्याहून अधिक महत्त्वाचा वाटतो तो सरावाचा प्रसंग. संघातली एक खेळाडू दुसरीला मुद्दाम आडवी जाते आणि तिचा पाय मोडतो. विमान अजून उडालेलेही नसते. पुढे जे घडणार आहे त्याचे बीज रानात नसून या मुलींच्या आपसातल्या चुरशीत आहे, हे दिग्दर्शिका येथेच सांगून टाकते, आणि ‘जेनिफर्स बॉडी’शी असलेला या मालिकेचा धागाही येथेच सापडतो. या एपिसोडसाठी 2022 साली त्यांना अमेरिकी टीव्हीवरच्या कामासाठी दिल्या जाणाऱ्या एमी पुरस्काराचे दिग्दर्शनासाठी नामांकन मिळाले.

त्याच 2022 साली, ड्रॅक्युलाच्या कथेवर आधारलेला त्यांचा नियोजित चित्रपट चित्रीकरण सुरू होण्याच्या अवघे काही आठवडे आधी रद्द झाला. 2000 पासून 2018 सालच्या ‘डिस्ट्रॉयर’पर्यंत त्यांच्या नावावर पाचच चित्रपट आहेत, आणि मोठ्या पडद्यासाठी त्यांच्यावर पैसा लावायला किती कचरले जाते हे या रद्द झालेल्या चित्रपटाने पुन्हा दाखवले. ‘यलोजॅकेट्स’ने मात्र 2023 साली दुसऱ्या पर्वाचा शेवटचा एपिसोड त्यांच्याच हाती दिला.

धारप-मतकरींच्या कथांवर वाढलेला मोठा वाचक मराठीत आहे आणि भयमालिका घराघरांत पाहिल्या जातात. तरीही मी काम केलेल्या सेटवर दिग्दर्शिकांकडे बहुधा कौटुंबिक प्रसंग यायचे आणि रात्रीचे, भीतीचे प्रसंग आपसूक पुरुषांकडे जायचे. नव्या भयमालिकेचे सुरुवातीचे एपिसोड, म्हणजे जेथे तिचा सगळा बाज ठरतो तेच, एखाद्या दिग्दर्शिकेकडे सोपवावेत, अशी माझी वाहिन्यांना आणि निर्मात्यांना मनापासून विनंती आहे. हे काम पेलू शकतील अशा मुली घोडबंदर रोडवर आजही सहायक म्हणून राबत आहेत.