बारा भाग म्हणजे बाराच!

आज जेवताना भाच्याला ‘फॉल्टी टॉवर्स’ या जुन्या ब्रिटिश विनोदी मालिकेबद्दल भरभरून सांगत होते. पठ्ठ्याने तोंडातला घास न गिळताच मोबाइलवर शोधलं आणि म्हणाला, ‘‘मावशी, बाराच एपिसोड? फ्लॉप गेली का गं?’’ तेव्हापासून डोकं फिरलंय. ओटा आवरून झाला तरी ताळ्यावर येईना, म्हणून इथे लिहितेय.

अरे, बारा म्हणजे बाराच! १९७५ मध्ये सहा, १९७९ मध्ये सहा, संपलं. पुढे लिहायचं नाही हे लिहिणाऱ्यांनीच ठरवलं. जॉन क्लीज आणि कॉनी बूथ एकेका भागावर आठवडेच्या आठवडे बसायचे. पहिल्या पाच मिनिटांत हॉटेलमालक बेसिल एक फालतू थाप मारतो आणि अर्ध्या तासात तीच त्याच्या गळ्याशी येते. हे रोज रात्री साडेआठला होत नसतं. आपल्याकडे तेवढ्या वेळात सुनेच्या हातातून पूजेचं ताट पडतं आणि तिन्ही कोनांतून पडतं.

ज्यांनी पाहिली नाही त्यांच्यासाठी: टॉर्की नावाच्या इंग्लंडमधल्या समुद्रकाठच्या गावातलं रडतखडत चाललेलं हॉटेल. मालक बेसिल, ज्याला गिऱ्हाईक आलं की कपाळात आठ्या. बायको सिबिल, जिच्या जिवावर ते हॉटेल उभं आहे. बार्सिलोनाचा वेटर मॅन्युएल, ज्याला इंग्रजी जेमतेम. आणि पॉली, त्या घोळातलं एकमेव शहाणं माणूस.

हा बेसिल मी लहानपणी महाबळेश्वरला प्रत्यक्ष पाहिलाय. बाबांच्या अंगात सफारी, हातात ब्रीफकेस. लॉजवाल्याने परस्पर ठरवून टाकलं की साहेब तपासणीला आलेत. लगेच दरीकडची खोली. न मागता कांदाभजी. संध्याकाळी रजिस्टर आलं, बाबांनी व्यवसायाच्या रकान्यात ‘शिक्षक’ लिहिलं. त्याचा चेहरा असा उतरला म्हणता! सकाळी गरम पाण्याच्या बादलीचे पैसे वेगळे लावले.

पुढे कधीतरी मी लायब्ररीतून कॅसेट आणली. त्यात बेसिल एका माणसाला हॉटेल इन्स्पेक्टर समजून त्याच्यापुढे लोटांगण घालतो आणि तो निघतो चमचे विकणारा! बाबा खुर्चीतून पडायचेच बाकी होते. ‘‘अगं, भजी! भजी!’’ एवढंच बोलता येत होतं त्यांना.

खरा बेसिलही होताच की. १९७० मध्ये माँटी पायथन या क्लीजच्या विनोदी कंपूतली मंडळी टॉर्कीच्या ग्लेनइगल्स हॉटेलात उतरली होती. मालक डोनाल्ड सिंक्लेअर. एकाच्या काटा-सुरी धरण्यावरून त्याने टोमणा मारला आणि दुसऱ्याची बॅग, आत बॉम्ब असेल म्हणून, बाहेर नेऊन ठेवली. बाकीचे वैतागून गेले, क्लीज राहिला. आपण बादलीच्या पैशांवरून भांडलो. त्याने मालिका लिहिली.

आणि ‘फ्लॉप’ म्हणे! संहिता वाचून बीबीसीतल्याच एकाने लेखी शेरा मारला होता की ही आपटणार. त्याच मालिकेला २००० मध्ये ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या शंभर ब्रिटिश कार्यक्रमांच्या यादीत पहिला नंबर मिळाला. घ्या.

बरं, मॅन्युएलच्या डोक्यात येताजाता टपल्या बसतात, ते आता बघवत नाही. मान्य. पण हसं बेसिलचं होतं, मॅन्युएलचं नाही. आणि मॅन्युएलचं काम करणारा अँड्र्यू सॅक्स मूळचा बर्लिनचा. वडील ज्यू, म्हणून १९३८ मध्ये आठ वर्षांचा असताना देश सोडून लंडनला आलेला. परक्या गावात भाषा न कळणं काय असतं हे त्याला कुणी शिकवायला नको होतं.

आमच्या लॉजवरही एक पोऱ्या होता. भजीची बशी त्यानेच आणली, आणि बाबा मास्तर निघाल्यावर मालकाने राग काढला तोही त्याच्यावरच. रजिस्टर हाणलं पाठीत. बाबांना ती भजी आठवली की हसू यायचं, मला मात्र तो मुलगा आठवतो. माझ्याच वयाचा असेल. आम्ही काहीच बोललो नाही त्याच्यासाठी. जाऊ दे.

कॉनी बूथबद्दल कुणी बोलत नाही याचाही मला राग आहे. सगळं श्रेय क्लीजला! अर्धी मालिका तिने लिहिलीय. १९७८ मध्ये दोघांचा घटस्फोट झाला आणि दुसरे सहा भाग त्यानंतर आले, तरी बेसिल-सिबिलची भांडणं तेवढीच चोख. अमेरिकेत १९८३ मध्ये याच्यावरून ‘अमांडाज’ काढली, त्यात बेसिलच नाही. बेसिल काढून टाकला! काही महिन्यांत गाशा गुंडाळला.

एवढं होऊन २०२३ मध्ये क्लीजनेच जाहीर केलं की मुलीला बरोबर घेऊन नवीन भाग करणार. त्र्याऐंशीव्या वर्षी! त्याची मालिका, त्याचा हक्क, ठीक. पण मी बघणार नाही. आली तर लिंक पाठवू नका मला.