तात्याना सामोयलोवा : एका चित्रपटापुरती कारकीर्द?

सोव्हिएत अभिनेत्री तात्याना सामोयलोवा यांच्याविषयी एक मजकूर समाजमाध्यमांवर वारंवार फिरतो. ‘द क्रेन्स आर फ्लाइंग’ला १९५८ साली कान महोत्सवात सर्वोच्च पुरस्कार मिळाला, त्यानंतर सामोयलोवांना परदेशांतून बोलावणी आली, सरकारने ती नाकारली आणि त्यांची कारकीर्द तिथेच संपली, असे त्यात म्हटलेले असते. पुरस्कार खरा आहे आणि नकाराची हकीकत त्यांनी स्वतःही पुढे सांगितली होती. परंतु त्यावरून काढलेला निष्कर्ष साफ चुकीचा आहे.

‘द क्रेन्स आर फ्लाइंग’चे दिग्दर्शक मिखाईल कालातोझोव यांनी लगेच पुढच्या ‘लेटर नेव्हर सेंट’ या चित्रपटातही त्यांनाच घेतले. हिऱ्यांच्या शोधात सैबेरियाच्या अरण्यात गेलेल्या चौघांच्या या कथेत वणवा पेटल्यानंतर संवादांना फारसे काम उरत नाही. सर्गेई उरुसेव्स्की यांचा कॅमेरा अगदी जवळून चेहरे टिपत राहतो आणि दमछाक, भीती, जिद्द हे सारे चेहऱ्यावरूनच कळावे लागते. ही भूमिका ज्याने पाहिली आहे, तो त्यांना एका चित्रपटाची अभिनेत्री म्हणणार नाही.

परदेशी चित्रपटांची दारे त्यांना कायमची बंद झाली, हेही खरे नाही. १९६१ चा हंगेरियन ‘अल्बा रेगिया’ आणि जुझेप्पे दे सांतिस यांचा १९६४ चा इटालियन-सोव्हिएत युद्धपट या दोन्हींत त्या आहेत.

सर्वांत मोठा अन्याय होतो तो १९६७ च्या ‘आना कारेनिना’वर. टॉलस्टॉय यांच्या कादंबरीवरील, अलेक्सांद्र झार्खी यांच्या या दोन भागांच्या चित्रपटात आनाचा प्रियकर व्रोन्स्की होते वासिली लानोवोय, म्हणजे सामोयलोवांचे पूर्वीचे पती. युद्धावर गेलेल्या प्रियकराची वाट न पाहता दुसऱ्याशी लग्न करणारी ‘द क्रेन्स आर फ्लाइंग’ची नायिका वेरोनिका आणि संसार सोडून जाणारी आना, या दोघींनाही समाज दोषी ठरवतो. सामोयलोवा मात्र दोघींसाठीही प्रेक्षकांची दया मागत नाहीत. वेरोनिकाचे गोंधळलेपण आनामध्ये नाही, तिला आपण काय गमावतो आहोत हे पुरते ठाऊक आहे. दहा वर्षांत अभिनेत्री किती पुढे गेली, हे इथे दिसते.

सत्तरच्या दशकाच्या मध्यानंतर त्या पडद्यावरून बहुतांशी दिसेनाशा झाल्या, ही गोष्ट खरी आणि दुःखद आहे. परंतु ‘डायमंड्स फॉर द डिक्टेटरशिप ऑफ द प्रोलेटेरिएट’ या १९७५ च्या चित्रपटातही त्या होत्याच, त्यामुळे या दीर्घ खंडाचे कारण सतरा वर्षांपूर्वीच्या नकारात शोधता येत नाही.