विंचू आणि मेट्रोचा डबा

जुना ऑपेरा उचलून मेट्रोत नेऊन ठेवला म्हणजे त्याची विटंबना झाली, असं बरेच जण म्हणतात. मला ते मुळीच पटत नाही.

फ्रेंच संगीतकार गुनोचा ऑपेरा 'फाउस्त' १८५९ साली पॅरिसमध्ये पहिल्यांदा रंगमंचावर आला. म्हातारा विद्वान फाउस्त तारुण्यासाठी सैतानाच्या कागदावर सही करतो आणि त्याची किंमत मोजते मार्गरीत नावाची साधी पोर. २०२१ साली टोबियास क्रात्झर या दिग्दर्शकाने पॅरिस ऑपेरासाठी तो आजच्या काळात आणला. सैतान आणि फाउस्त शहरावरून उडतात, पॅरिसचं नोत्र-दाम चर्च पेटतं. (ही आग मला जास्तीची वाटली. डोळे तिथेच अडकतात आणि गाणं निसटतं.)

पण चर्चचा प्रवेश! मूळ संहितेत मार्गरीत प्रार्थनेला येते आणि सैतान तिला प्रार्थना करू देत नाही. इथे ती मेट्रोत आहे. ऑर्गन तोच, सूर तेच. मी श्वास रोखून बघत होते.

मी पैठणची. नाथषष्ठीला गोदाकाठी भारुडं बघत वाढले. काम-क्रोध हे शब्द कीर्तनात कितीदा ऐकले, कधी काही वाटलं नाही. पण भारूडकरी 'विंचू चावला' म्हणत लोळायला लागला की मी आईचा पदर घट्ट धरायचे, कारण आमच्याकडे सरपणात विंचू खरंच निघतो. नाथांनी १६व्या शतकात हेच केलं. मोह त्यांनी पोथीतून काढून लोकांच्या अंगणात सोडला. शिंगांच्या, लाल झग्याच्या सैतानाला आता कोण भितंय? शेजारच्या सीटवर येऊन बसणाऱ्याला मात्र प्रत्येक बाई भिते.

आणि मार्गरीतचा तो भाऊ, व्हॅलेंटिन. मरता मरता बहिणीला शाप देतो आणि सगळी वस्ती ऐकत उभी राहते. हे कळायला मला फ्रेंच लागलं नाही. आपल्याकडच्या किती पोरींनी हे ऐकलंय!

मेट्रोच्या प्रवेशाला आत्या मागे येऊन उभी राहिली होती. तिला ना भाषा कळत होती, ना गोष्ट माहीत. बराच वेळ बघून म्हणाली, "हिचं ठेसन कवा येनार गं? उतरू द्या की लेकराला."