दक्षिणेतल्या चुली शर्मन यायच्या आधीच विझल्या होत्या

अमेरिकेच्या यादवी युद्धाबद्दल (1861 ते 1865, गुलामगिरी राखायला फुटून निघालेली दक्षिणेतली राज्यं विरुद्ध उत्तर) एक गोष्ट वर्षानुवर्षं सांगितली जाते आणि आजही हौसेने पुढे पाठवली जाते. थोडक्यात ती अशी: दक्षिणेतली घरं शेवटपर्यंत एकदिलाने सैन्याच्या पाठीशी उभी राहिली. बायकांनी चकार शब्द न काढता नवरे आणि मुलगे रणात धाडले. मळ्यांवरचे गुलाम मालकिणींशी इमानाने राहिले. सगळं निभावलं असतं, पण उत्तरेच्या जनरल शर्मनने शेतं-कोठारं जाळली आणि मग उपासमार आली.

मला या गोष्टीचा मनापासून राग आहे. जे खरोखर उपाशी राहिले त्यांनी तेव्हाच तोंड उघडलं होतं, कुऱ्हाडी घेऊन रस्त्यावरही उतरले होते, आणि ही गोष्ट त्यांनाच गप्प बसवते.

आधी शर्मनचं बघू, कारण ते तारखांवरच निकालात निघतं. त्याची फौज अटलांटाहून 15 नोव्हेंबर 1864 ला निघाली आणि 21 डिसेंबरला सवाना शहरात शिरली. दक्षिणेची राजधानी रिचमंड इथे बायकांनी दुकानं फोडली ती 2 एप्रिल 1863 ला, म्हणजे दीड वर्षाहून जास्त आधी. त्याच्याही पंधरा दिवस आधी, 18 मार्चला, नॉर्थ कॅरोलायनातल्या सॉल्सबरी गावात सैनिकांच्या बायका कुऱ्हाडी घेऊन व्यापाऱ्यांच्या दारात गेल्या होत्या. सरकारी भावाने पीठ द्या, एवढंच त्यांचं म्हणणं होतं. व्यापारी तयार होईनात, तेव्हा त्यांनी दारं फोडायला घेतली. त्यांच्यातल्या एकीने नंतर गव्हर्नर व्हॅन्सना पत्र लिहून हिशोबच दिला: 23 पिंपं पीठ, दोन पोती मीठ, सुमारे अर्धं पिंप काकवी आणि रोख 20 डॉलर, सगळं आपसात सारखं वाटून घेतलं. लुटारू असा हिशोब गव्हर्नरला कळवत नाहीत. आपलं काही चुकलं असं त्या बायकांना वाटतच नव्हतं.

रिचमंडला जे झालं ते जरा सविस्तर सांगायला हवं. 1860 मध्ये या शहराची वस्ती 38 हजारांच्या आसपास होती. राजधानी झाल्यावर कारकून, सैनिक, जखमी, निर्वासित येत गेले आणि ती लाखाच्या वर गेली. 13 मार्च 1863 ला शहराजवळच्या ब्राउन्स बेटावर दारूगोळ्याच्या कारखान्यात स्फोट झाला. एका तरुण मुलीने, लाकडी फळीत अडकलेली, तोफ पेटवायची ठिणगीची नळी सुटावी म्हणून फळी बाकावर आपटली, इतकंच निमित्त. चाळीसच्या वर माणसं गेली, बहुतेक सगळ्या मुली आणि बायका. घरातला कर्ता आघाडीवर, म्हणून पोरी दारू भरायला जात होत्या. पुढे बर्फ पडलं, वितळलं, रस्त्यांचा चिखल झाला आणि खेड्यांतून येणाऱ्या गाड्या अडल्या. त्यातच दक्षिणेचे अध्यक्ष जेफरसन डेव्हिसनी 27 मार्च हा दिवस उपवास आणि प्रार्थनेसाठी नेमला होता. ज्यांना रोजच उपास घडत होता त्यांना हा हुकूम कसा वाटला असेल!

1 एप्रिलला ऑरेगॉन हिल भागातल्या चर्चमध्ये बायका जमल्या. बाजारात माल विकणारी मेरी जॅक्सन त्यांची पुढारी. दुसऱ्या दिवशी सकाळी त्या गव्हर्नर लेचरकडे गेल्या. तिथे समाधान होईना, तेव्हा बाजारपेठेकडे वळल्या. हातात कुऱ्हाडी, सुऱ्या, एखादं पिस्तूल. पीठ, खारवलेलं मांस, जोडे, हाती लागेल ते त्यांनी उचललं. शेवटी डेव्हिस स्वतः आले, एका गाडीवर चढले, खिशातले पैसे काढून गर्दीत फेकले, आणि मग घड्याळ काढून सांगितलं की पाच मिनिटांत पांगा, नाहीतर गोळीबार होईल. बायका पांगल्या. सरकारने वर्तमानपत्रांना गप्प राहायची विनंती केली. दुसऱ्या दिवशी तिथल्या एका वर्तमानपत्राने अग्रलेख लिहिला तो उत्तरेतल्या लोकांच्या हालांवर! ‘एकदिला’ची गोष्ट लिहायला सुरुवात झाली ती अशी, दंगा शमून चोवीस तास उलटायच्या आत.

शर्मनचा मुद्दा टिकला नाही की लगेच म्हटलं जातं, ‘बरं, मग नाकेबंदी. उत्तरेच्या नौदलाने बंदरं अडवली म्हणून अन्न मिळेना.’ यात थोडं तथ्य आहे. कॉफी गेली, लोक राय नावाचं धान्य भाजून, रताळी वाळवून, भेंडीच्या बिया भाजून त्याचाच काढा पिऊ लागले. औषधं गेली. मिठाचे फार हाल झाले, आणि मीठ नाही म्हणजे डुक्कर मारलं तरी मांस टिकवता येत नाही. मांस धुरावण्याच्या कोठीची जमीन वर्षानुवर्षं ठिबकणाऱ्या खाऱ्या पाण्याने मुरलेली असे. लोकांनी ती जमीन खणली, माती पाण्यात कालवली, गाळली, उकळली आणि तळाशी उरलेलं काळपट मीठ वापरलं. हे नाकेबंदीचं दुखणं, मान्य.

पण मका समुद्रावरून येत नव्हता. तो दक्षिणेतच पिकत होता. मग घरात का पोचला नाही? पिकवणारे हात सैन्यात ओढले गेले होते. रेल्वे आधीच तोकडी, त्यात रूळ झिजले, इंजिनं खिळखिळी झाली. मार्च 1863 च्या कायद्याने सैन्याला स्वतः ठरवलेल्या भावात शेतकऱ्याचा माल उचलायची मुभा मिळाली. एप्रिलमध्ये पिकाचा दहावा हिस्सा कर म्हणून वस्तूतच घ्यायचं ठरलं. काही मळेवाले कापूस सोडायला तयार नव्हते, तो कमी लावा म्हणून राज्यांना कायदे करावे लागले. मक्याची दारू गाळली जात होती, त्यावरही बंदी घालावी लागली. आणि सरकार नोटा छापतच होतं. युद्ध संपेपर्यंत भाव सुमारे नव्वद पटींनी चढले. साध्या शिपायाचा पगार महिन्याला 11 डॉलर होता, 1864 मध्ये तो 18 झाला. पिठाच्या एका पिंपाला त्याचा कित्येक महिन्यांचा पगार लागायचा. यातला एकही निर्णय उत्तरेने घेतला नव्हता.

‘बायकांनी हसत धाडले’ हे तर फारच सोपं करून सांगितलं जातं. सुरुवातीला उत्साह होता, झेंडे शिवले गेले, खरं आहे. पण एप्रिल 1862 मध्ये सक्तीची भरती आली, आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये अशी सूट आली की ज्या मळ्यावर वीस किंवा जास्त गुलाम आहेत तिथल्या एका गोऱ्या माणसाने घरी राहावं. ज्याच्याकडे एकही गुलाम नव्हता त्याच्या बायकोने यातून काय समजायचं ते समजून घेतलं. गव्हर्नरांच्या कचेऱ्यांत बायकांच्या पत्रांचा ढीग लागला: नवऱ्याला सोडा, नांगर धरायला कोणी नाही, पोरं उपाशी आहेत. हीच पत्रं छावणीतही गेली आणि ती वाचून माणसं पळून घरी आली. पळून आलेल्या शिपायाला भित्रा म्हणणं सोपं आहे. मला ते जमत नाही.

‘एकदिला’बद्दल एवढंच सांगते, व्हर्जिनियाचा पश्चिम भाग तुटून जून 1863 मध्ये वेगळं राज्य झाला, आणि दक्षिणेतले सुमारे एक लाख गोरे उत्तरेच्या सैन्यात लढले.

खरी गफलत इमानी गुलामांच्या दाव्यात आहे. दक्षिणेची लोकसंख्या सुमारे 90 लाख, त्यातले 35 लाख गुलाम. ‘दक्षिणेतले लोक’ म्हणताना हे 35 लाख आधी वगळायचे आणि मग ‘इमानी नोकर’ म्हणून मागच्या दाराने आत घ्यायचे, अशी ही मांडणी आहे. मे 1861 मध्ये, युद्धाला जेमतेम सहा आठवडे झाले असताना, व्हर्जिनियात तीन गुलाम रात्री होडीतून उत्तरेच्या ताब्यातल्या मन्रो किल्ल्यावर पळाले. त्यांना दक्षिणेच्या तोफांसाठी तटबंदी बांधायला जुंपलं होतं. मालकाचा माणूस त्यांना परत मागायला आला, तेव्हा उत्तरेच्या जनरल बटलरने ते शत्रूचं युद्धसाहित्य आहेत असं ठरवून ठेवून घेतले. मग लोक येतच राहिले, पुढे लाखांनी. 13 मे 1862 च्या पहाटे चार्ल्स्टनच्या बंदरात रॉबर्ट स्मॉल्स या गुलाम सुकाणूवाल्याने कप्तानाची गवती टोपी डोक्यावर चढवली, किल्ल्यांसमोरून जाताना बरोब्बर इशाऱ्याच्या शिट्ट्या दिल्या आणि बायको-मुलांसकट ‘प्लँटर’ हे जहाज उत्तरेच्या आरमाराच्या हवाली केलं. सुमारे 1 लाख 80 हजार कृष्णवर्णीय उत्तरेच्या सैन्यात भरती झाले. जे मळ्यावर राहिले त्यांच्या आजूबाजूला गस्त होती, म्हातारे आईवडील होते, कडेवर पोरं होती. त्यांच्या राहण्याला इमान म्हणायला मालकाचीच नजर लागते.

शर्मनच्या फौजेने केलेला विध्वंस मी नाकारत नाही. कोठारं जळली, गुरं नेली, उंबरठ्यावर उभ्या बाईदेखत घरातलं धान्य गेलं. जुलै 1864 मध्ये जॉर्जियातल्या रॉझवेलच्या कापडगिरणीतल्या सुमारे 400 कामगारांना, बहुतेक बायकांना, त्याच्या हुकमाने पकडून आगगाडीने उत्तरेत पाठवलं, आणि त्यांतल्या कित्येक परत आल्या नाहीत. या गिरणीवाल्या बायका त्या लाडक्या गोष्टीत सहसा दिसत नाहीत, कारण त्या हवेलीतल्या नव्हत्या.

त्याच सवानाच्या वाटेवर, 9 डिसेंबर 1864 ला, एबेनेझर ओढ्यावर उत्तरेच्या जनरल जेफरसन सी. डेव्हिसने (दक्षिणेच्या अध्यक्षाशी फक्त नावाचं साम्य) आपलं सैन्य तराफ्यांच्या पुलावरून पार नेलं आणि पूल काढून घेतला. फौजेच्या मागून चालत आलेली गुलामीतून सुटलेली माणसं, त्यात बायका आणि लहान मुलं, अलीकडच्या काठावरच राहिली. मागून दक्षिणेचं घोडदळ येत होतं. थंडीचे दिवस, ओढा फुगलेला. कित्येकांनी उड्या टाकल्या आणि कित्येक बुडाले. काठावर जे सापडले त्यांना पकडून पुन्हा गुलामीत नेलं.